अकरा मुंडे आणि एक दावा: मेळघाटातल्या एका गावाचं प्रकरण

ऑक्टोबर 2018 मध्ये गावाच्या सामूहिक वनहक्क दाव्याची फाइल परत आली. सोबत एक पानाचं पत्र होतं. ओढ्याच्या पश्चिमेचं जंगल हे गाव पूर्वापार वापरत आलं आहे याला पुरावा म्हणून पुरेसे लेखी दस्तऐवज जोडलेले नाहीत, सबब त्रुटी दूर करून प्रस्ताव पुन्हा सादर करावा, एवढाच मजकूर. वनहक्क समितीचे अध्यक्ष पत्र घेऊन शाळेच्या व्हरांड्यात आले आणि माझ्या हातात देऊन म्हणाले, "गुरुजी, वाचून सांगा जरा. पुरावा म्हंजे काय पाह्यजे यायले?"

त्या प्रश्नाचं उत्तर शोधता शोधता सात महिने गेले. निकाल आधीच सांगून टाकतो, म्हणजे वाचणाऱ्याचा जीव टांगणीला लागायला नको: दुसऱ्यांदा गेलेल्या दाव्यातलं बहुतेक क्षेत्र मान्य झालं आणि माथ्यावरचा एक पट्टा शेजारच्या गवळी वस्तीबरोबर सामाईक राहिला. लिहायचं आहे ते मधल्या सात महिन्यांबद्दल. गावाचा इतिहास कुठे ठेवलेला असतो हे मला त्या महिन्यांत कळलं. त्यातला एक पुरावा मीच जागेवरून हलवला होता, तेही इथे सांगणं भाग आहे.

गावाचं नाव देत नाही, गावानेच तसं ठरवलं आहे. चिखलदरा तालुक्यातलं, साठ-सत्तर घरांचं, जवळजवळ सगळं कोरकू. मधोमध रुंद सरळ रस्ता आणि दोन्ही बाजूंना समोरासमोर तोंड केलेल्या घरांच्या दोन ओळी, बांबूच्या तट्ट्यांवर शेणामातीचा गिलावा. कोरकूंचं गाव लांबूनही या मांडणीवरून ओळखू येतं. शेत उतारावर, पूर्वी कोदो-कुटकी आणि ज्वारी, आता सोयाबीन आणि मका. पावसाळ्यात चार महिने ढगात बुडालेलं आणि फेब्रुवारी संपला की पाण्यासाठी उतरणीला लागणारं. दिवाळीनंतर निम्मं गाव परतवाड्याकडच्या वीटभट्ट्यांवर नाही तर अकोटकडे कापूस वेचायला जातं, ते होळीला परततं. मी तिथल्या जिल्हा परिषदेच्या शाळेत नऊ वर्षं शिक्षक होतो.

मी मूळचा अंजनगाव सुर्जीचा. आमच्या पानमळ्यातून उत्तरेला सातपुडा रोज दिसायचा, पण तो आम्हाला हवामानापुरता माहीत होता. डोंगर काळा झाला की पाऊस, एवढंच.

पहिल्या फाइलमध्ये काय होतं

पहिली फाइल मीच तयार केली होती. गावात सलग मराठी लिहिणारा माणूस मी, आणि इतिहासाची आवड म्हणून माझ्यावरच भार आला. मी मन लावून काम केलं. 1911 च्या अमरावती जिल्हा गॅझेटियरमधली पानं जोडली. गाविलगडाची माहिती लिहिली: बहमनी सुलतान अहमदशहा वलीने पंधराव्या शतकात बांधून काढलेला, पुढे अचलपूरच्या इमादशाहीचा, शेवटी नागपूरकर भोसल्यांचा. 15 डिसेंबर 1803 ला इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीच्या फौजेने तो घेतला, किल्लेदार बेनीसिंग लढता लढता पडला, दोन दिवसांनी देवगावचा तह झाला. महिना संपायच्या आत आमच्या अंजनगावला शिंद्यांशी तह झाला, हेही मी अभिमानाने घातलं. 1858 मध्ये तात्या टोपे इकडे येतील या धास्तीने इंग्रजांनी गडाचे तट पाडले. मग चिखलदऱ्याचं थंड हवेचं ठिकाण, कॉफीचे मळे, कीचकाला भीमाने दरीत फेकल्याची कथा, 1974 चा व्याघ्रप्रकल्प.

आज ती पानं वाचली की दिसतं: त्यात ज्यांच्या दाव्यासाठी मी लिहीत होतो ते लोकच नव्हते. वाटेने येऊन गेलेल्यांचा इतिहास मी भरला होता. वेलस्लीच्या लढाईतलीच गोष्ट घ्या. कर्नल स्टीव्हनसनच्या तुकडीने जड तोफा डोंगरातून हातांनी ओढत, वाट फोडत गडाच्या उत्तर अंगाला नेल्या, हे नोंदलेलं आहे. त्या डोंगरात आधीपासून कुणाच्या पायवाटा होत्या, हे कुणी लिहिलं नाही. गाविलगड हे नावच गवळ्यांवरून पडलं असं मानतात. पण गवळी गडावरच्या कोणत्या पाण्यावर गुरं नेत होते, हे विचारायला कुणी थांबलं नाही. मीही थांबलो नव्हतो.

म्हणजे फाइल परत आली त्यात सगळा दोष कचेरीचा होता असं मला म्हणता येत नाही. फक्त एक गोष्ट खटकली. पत्रात 'लेखी दस्तऐवज' असा शब्द होता, आणि कायदा तसं म्हणत नाही.

नियम 13

2006 चा वनहक्क कायदा आणि 1 जानेवारी 2008 चे नियम गावात बऱ्याच जणांनी ऐकलेले असतात. नियम 13 पूर्ण वाचलेला माणूस मात्र क्वचित भेटतो, आणि मीही तो पहिल्या फेरीत वाचला नव्हता. दिवाळीच्या सुट्टीत वाचला. दाव्याच्या पुराव्यात गॅझेटियर, जनगणना, नकाशे हे सरकारी कागद चालतात तसंच दावेदारांखेरीज इतर वडीलधाऱ्यांचे लिहून घेतलेले जबाबही चालतात. सामूहिक हक्कासाठी तर यादीच दिली आहे: पारंपरिक चराई, कंदमुळं आणि रानफळं गोळा करण्याच्या जागा, मासेमारीचे डोह, पाण्याचे स्रोत, वैदूंची वनौषधीची क्षेत्रं, गावाने उभारलेल्या बांधकामांचे अवशेष, पवित्र झाडं, देवराया, दफनाच्या आणि दहनाच्या जागा. एकाहून जास्त प्रकारचे पुरावे हवेत, मात्र 2012 च्या दुरुस्तीनंतर कोणत्याही समितीला ठरावीक कागदाचाच हट्ट धरता येत नाही.

मी ते अध्यक्षांना कोरकू-हिंदी-वऱ्हाडी मिसळून समजावलं. ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "मंग हे तं सगळं हाय आमच्यापाशी. जुन्या गावात हाय."

जुनं गाव म्हणजे ओढ्याच्या पश्चिमेला, दोन-अडीच किलोमीटरवर. आजच्या म्हाताऱ्यांच्या आज्यांच्या काळात तिथे साथ आली, माणसं पटापट गेली आणि उरलेल्यांनी वस्ती उठवून अलीकडच्या टेकाडावर घरं बांधली. कोरकूंमध्ये असं गाव उठणं नवं नाही. सरकारी कागदांना गाव दिसतं ते नव्या जागेवरून, म्हणून ओढ्यापलीकडे त्यांचा संबंध नाही असं वाटणं साहजिक होतं.

जुन्या गावाच्या वरच्या अंगाला मोहाच्या झाडाखाली मुंडे आहेत. मुंडा म्हणजे मेलेल्या माणसाच्या नावाने उभा केलेला सागवानी खांब. कोरकू माणूस मेला की त्याला पुरतात. पण तेवढ्याने तो पूर्वजांत जाऊन बसत नाही. काही महिन्यांनी, घरच्यांची ऐपत नसेल तर कित्येक वर्षांनी, सिडोलीचा विधी होतो. भावकी जमते, बकरा कापतात, ढोलकी-बासरीवर रात्र जागवतात आणि मुंडा रोवतात. त्यानंतरच तो माणूस खऱ्या अर्थाने मार्गी लागतो. खांब कमरेएवढा, टोकदार डोक्याचा. वर सूर्य आणि चंद्र, त्यांच्याखाली घोड्यावर बसलेला माणूस, खाली हातात हात घालून नाचणारी माणसं. या गावात एकेका गोताचे मुंडे एकाच ठिकाणी लागतात. गोतं बहुधा झाडांच्या नावांची, आणि ती आजच्या आडनावांत 'कर' लावून शिल्लक आहेत. हजेरीपटावर मी वर्षानुवर्षं जामूनकर, भिलावेकर, बेठेकर म्हणून हाक मारत होतो. जामूनकरच्या मागे जांभळाचं गोत उभं आहे हे मला चौथ्या-पाचव्या वर्षी कळलं.

शाळेतला मुंडा

इथे माझी चूक सांगतो.

2014 मध्ये शाळेत 'आपला परिसर' म्हणून मी एक कोपरा मांडला होता. जुनी नाणी, जातं, मासे धरायचा बांबूचा सापळा. मुलांनी एक दिवस रानातून एक पडलेला मुंडा खांद्यावर घालून आणला. खालचा भाग वाळवीने खाल्लेला, पण कोरीव काम शाबूत. मला कोण आनंद झाला. मी तो ब्रशने साफ केला, पॉलिशपेपर मारला आणि टिकावा म्हणून वॉर्निशचे दोन हात दिले. खाली सिमेंटचं बसकं करून व्हरांड्यात उभा केला, शेजारी पाटी: 'कोरकू काष्ठशिल्प'. तपासणीला आलेल्यांनी कौतुक केलं. गावातलं कुणी काही बोललं नाही. मी ते मौन म्हणजे संमती समजलो.

नोव्हेंबर 2018 मध्ये मी वडीलधाऱ्यांचे जबाब लिहून घ्यायला निघालो. गावाचे भुमका ऐंशीच्या घरातले, त्यांना सगळे बाबा म्हणतात, मीही. भुमका म्हणजे गावचा देवाचा माणूस. मुठवा या गावदेवाची पूजा, पेरणीआधीचा नैवेद्य, सगळं त्यांच्याकडे. त्यांच्या ओसरीवर वही उघडली आणि जुन्या गावाबद्दल विचारलं. ते म्हणाले, "मी सांगीन, गुरुजी. पन पहिले माह्या आज्याले घरी पाठवा."

मला कळलंच नाही. त्यांच्या नातवाने खाली बघत सांगितलं की शाळेतला मुंडा बाबांच्या आज्याचा आहे.

"चार सालं झाले, थो शाळेत उभा हाय," बाबा म्हणाले. आवाजात राग नव्हता. "पोरं त्याच्याजोळ चपला काढतेत. म्या म्हटलं, गुरुजीले मालूम नाई. मालूम होईन तवा होईन."

त्या रात्री मला झोप आली नाही. मी ज्याला शिल्प म्हणत होतो ते एका माणसाचं पूर्वजांत जाणं होतं, आणि मी ते उपटून त्याला सिमेंटात बसवलं होतं. शिवाय ज्या जागेचा पुरावा नाही म्हणून फाइल परत आली होती, त्याच जागेवरचा एक पुरावा मी माझ्या हाताने उचलून आणला होता.

मुंडा परत नेण्याचा दिवस बाबांनीच काढला. बकरा मी घेतला. ते माझंच देणं होतं आणि त्यावर गावाने वाद घातला नाही. सिमेंट फोडायला अर्धा दिवस गेला. खांब मोकळा झाला तेव्हा खालच्या बाजूला एक ओळ स्पष्ट दिसली: तिच्याखालचं लाकूड काळं, वाळवीने पोखरलेलं आणि वरचं तपकिरी. तेवढा तो जमिनीत होता. बाबांनी त्या ओळीवर बोट ठेवलं, मग स्वतःच्या हाताने वीतभर मोजलं आणि जुन्या गावात मोहाखाली तेवढाच खड्डा घ्यायला लावला.

रोवून झाल्यावर तो बाकीच्या दहांमध्ये वेगळा उठून दिसत होता. ते सगळे राखाडी, उभ्या चिरा पडलेले, पावसाने कोरीव माणसांचे चेहरे पुसलेले. हा एकटा चकचकीत. मला ते बघवेना. मी पॉलिशपेपर घेऊन येतो म्हणालो, तर बाबांनी हात आडवा केला. "राहू द्या. पाऊस काढीन थे."

एक गोष्ट मी तिथेच विचारली. हे मुंडे असेच पडून, कुजून जाणार. मग ते वाचवायचे कसे? अमरावतीच्या एका ओळखीच्या अभ्यासकांनीही मला फोनवर तेच सांगितलं होतं, निदान एक-दोन तरी संग्रहालयात द्या. बाबांनी दिलेलं उत्तर मला त्या दिवशी पटलं नाही, आता पटतं. मुंडा रोवला की काम झालं. आज्या पोचला. लाकूड मातीत जायचं असतंच. टिकवायचं ते जागेचं नाव आणि कोणाचा मुंडा कुठे हे सांगणारा माणूस.

नावं

दुसऱ्या दिवसापासून बाबा बोलायला लागले.

पहिल्या जबाबाचा कच्चा मजकूर मी नेहमीच्या कचेरी मराठीत लिहिला होता: 'सदर क्षेत्रावर अर्जदार गावाची पूर्वापार वहिवाट आहे.' वाचून दाखवला तेव्हा बाबांनी मान हलवली नाही. "हे कोन बोललं?" म्हणाले. मग मी ते पान फाडलं आणि त्यांचं बोलणं जसंच्या तसं उतरवलं. ते असं: 'जुन्या गावात माझ्या आज्याचा मुंडा आहे, आज्याच्या भावाचा आहे. मुठव्याचे पहिले दगड तिथेच आहेत. नवीन गावात आणलेला मुठवा त्यातलेच पाच दगड घेऊन मांडला. डोंगरदेव वर माथ्यावर, त्याला दसऱ्याला आम्ही जातो, अजून जातो. साथ आली तेव्हा माझा बाप पाळण्यात होता. मोठा झाल्यावर तो धूळघाटला रेल्वेच्या गोल वळणावर माती टाकायला गेला.'

शेवटचं वाक्य मी जवळजवळ गाळलं होतं. पण काळ ठरवायला तेच कामाला आलं. खंडवा-अकोला ही मीटरगेज लाइन स्वातंत्र्यानंतर घातली, आणि धूळघाटजवळ ती स्वतःलाच वळसा घालून घाट चढायची. त्या कामावर बाप धट्टाकट्टा मजूर होता, तर तो पाळण्यात असताना उठलेलं गाव विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत कधीतरी उठलं. म्हाताऱ्यांना सन सांगता येत नाही म्हणून त्यांना काळ सांगता येत नाही, असं नाही.

मग आम्ही चालायला लागलो. डिसेंबर-जानेवारीचे रविवार, बाबा, अध्यक्ष, दोन तरुण पोरं आणि मी. हातात साधा जीपीएस. सरकारी नकाशावर ओढ्याच्या पश्चिमेला तीन निळ्या रेघा आहेत आणि तिघींवर 'नाला' एवढंच लिहिलेलं. बाबांनी त्या तीन रेघांवर सत्तावीस नावं सांगितली. डोह, झिरे, उतार, चढाव, एकेक खडक. कोरकू ही मुंडा भाषाकुळातली, म्हणजे संताली-मुंडारीची लांबची बहीण. तिच्यात पाण्याला 'डा', वाघाला 'कुला'. एका झिऱ्याचं नाव कुला-डा. उन्हाळ्यात शेवटपर्यंत न आटणारं पाणी, म्हणून वाघ तिथे येतो. वनरक्षकानेही नंतर तेच सांगितलं, फक्त त्याच्या वहीत ते एका क्रमांकाचं पाणवठ्याचं ठिकाण होतं.

पोरांना त्यातली निम्मी नावं माहीत नव्हती. एकजण दोन वर्षं पुण्यात कंपनीत राहून आलेला. तो दर नावानंतर थांबून विचारायचा, ह्याला हे का म्हणतात, आणि बाबा प्रत्येक वेळी सांगायचे. मी वहीत लिहीत होतो, पण खरी वही तो पोरगा होता.

जुन्या गावात घरं नव्हती. घरांच्या दोन ओळी मात्र होत्या: मधला रुंद रस्ता गवतातून अजून कळत होता, दोन्ही कडांना दगडांचे ओटे. एका ओट्याजवळ फुटलेल्या जात्याची वरची तळी सापडली. आणि झाडं. मोहाची झाडं या गावात घरोघर वाटलेली आहेत, कुणाच्या वाट्याची कोणती हे अलिखित, पण पक्कं. जुन्या गावातल्या चौदा मोहांची वाटणी बाबांनी घर धरून सांगितली. मार्चमध्ये त्या-त्या घरच्या बायका पहाटे टोपल्या घेऊन बरोबर त्याच झाडाखाली होत्या, हे मी जाऊन पाहिलं.

बायकांचं आधी कुणी विचारलंच नव्हतं. जबाबांच्या पहिल्या दोन बैठकांना नुसते पुरुष. तिसऱ्या बैठकीला अध्यक्षांच्या आईने दारातूनच म्हटलं, "कंद कोन खोदते? तुमी का?" त्यानंतरच्या दोन दुपारींत त्यांनी जे सांगितलं ते पुरुषांच्या दोन महिन्यांच्या माहितीत नव्हतं. कोणता कंद कोणत्या उतारावर, कोणता तीन वेळा उकळून पाणी फेकल्याशिवाय खायचा नाही, उपासमारीच्या वर्षी कुठपर्यंत जावं लागलं. गावाच्या वापराची पश्चिमेकडची खरी हद्द त्यांच्या पायांनी ठरलेली होती, आणि ती पुरुषांनी सांगितलेल्या हद्दीच्या पुढे अर्धा डोंगर होती. मेळघाटचं नाव बाहेर निघतं ते कुपोषणाच्या बातमीत. त्याच मेळघाटातल्या या बायका तेहतीस खाण्याच्या वनस्पती जागेसकट सांगत होत्या.

होळीची ग्रामसभा

दावा मंजूर करायला ग्रामसभा लागते, आणि तिला निम्मे सभासद, त्यात एक तृतीयांश बायका हजर लागतात. जानेवारीत गावात म्हातारे आणि पोरंच. पहिल्या दाव्याच्या वेळी घाईघाईने सह्या गोळा केल्या होत्या, तसं या वेळी करायचं नाही असं ठरलं. बाबा म्हणाले, होळीला.

होळी हा कोरकूंचा सगळ्यात मोठा सण. भट्टीवरून, कापसाच्या शेतातून माणूस काहीही करून घरी येतो. 2019 ची होळी 20 मार्चला होती. पुढचे दिवस फगव्याचे: बायका-पोरं रस्त्यावर दोर आडवा धरून येणाऱ्या-जाणाऱ्यांकडून फगवा मागतात, गाण्यांचा नुसता कल्ला. तिसऱ्या दिवशी सकाळी त्याच रस्त्यावर, दोन ओळींच्या मधे, ग्रामसभा बसली. कोरम पूर्ण होऊन वर माणसं उरली. सत्तावीस नावं एकेक करून वाचली. दोन ठिकाणी लोकांनी बाबांना दुरुस्त केलं आणि त्यांनी ते मानलं. एका झिऱ्यावर मतभेद मिटला नाही, तेव्हा दोन्ही नावं लिहिली.

तिथेच गावाने दोन गोष्टी ठरवल्या. मुंड्यांचं छायाचित्र लांबून घ्यायचं, एकेकाचं जवळून नाही. आणि मेलेल्यांची नावं फाइलमध्ये घालायची नाहीत. मुंडे किती आणि कुठे एवढं पुरे. माझ्या मते पुरावा त्याने थोडा कच्चा होत होता. पण तो निर्णय माझा नव्हता.

गवळी बाबा

माथ्याचा पट्टा पलीकडच्या गवळी वस्तीच्याही वापरात होता. हद्दीवरून दोन गावांचे दावे एकमेकांवर येत असतील तर दोन्ही वनहक्क समित्यांनी एकत्र बसून लेखी निष्कर्ष द्यायचा, असं नियमातच आहे. एप्रिलच्या सुरुवातीला बैठक झाली, ओढ्याच्या काठी, आंब्याखाली. मला धास्ती होती. चराईवरून या दोन गावांत अधूनमधून कुरबुरी होतात, मागच्याच वर्षी एक म्हैस कोंडण्यावरून बोलाचाली झाली होती.

गवळ्यांचे सगळ्यात वयस्कर बाबा फेटा बांधून आले होते. बसल्या बसल्या त्यांनी आमच्या बाबांना नमस्कार केला आणि विचारलं, "मुठव्याचे दगड हायत ना अजून तिथंच?" मग त्यांनी सांगितलं की त्यांच्या आज्याच्या वेळेस पावसाळ्याआधी गुरं ओढ्यापलीकडे न्यायची तर पहिल्यांदा कोरकूंच्या मुठव्याला नारळ द्यायचा आणि भुमक्याला सांगायचं. त्याशिवाय गवळ्याचं जनावर ओढा उतरत नसे. "जंगल त्यायचं," ते म्हणाले, "गवत दोघायचं."

मी ते लिहून घेतलं आणि त्यांचा अंगठा घेतला. नियमातले शब्द आठवा: दावेदारांखेरीज इतर वडीलधाऱ्यांचा जबाब. पश्चिमेच्या जंगलाशी या गावाचा संबंध शपथेवर सांगणारा माणूस दुसऱ्या गावचा, दुसऱ्या जातीचा, आणि ज्याला त्यात भांडायला जागा होती असा. फाइलमधला सगळ्यात भक्कम कागद तोच ठरला. माथा सामाईक ठेवायचं त्याच बैठकीत ठरलं, सूर्य मावळायच्या आत.

त्या पट्ट्यात पुढे काय करायचं यावर पोरांचं बोलणं आतापासूनच सुरू आहे. परतवाड्याजवळच्या पायविहीर गावाला 2012 मध्ये सामूहिक हक्क मिळाला, त्यांनी उजाड टेकडी राखली, सीताफळ विकलं, 2014 मध्ये जैवविविधतेचा राष्ट्रीय पुरस्कार घेतला. पुण्याहून आलेला पोरगा तिथे दोन दिवस राहून आला. तो विषय वेगळा.

पंचनामा

एप्रिलच्या शेवटी स्थळपाहणी झाली. वनरक्षक, तलाठी, दोन्ही समित्यांचे लोक, पंच. ऊन चांगलं तापलं होतं. बाबा काठी घेऊन पुढे आणि दर वळणावर थांबून नाव सांगायचे, पोरगा जीपीएसचं रीडिंग वाचायचा, तलाठी लिहायचे. कुला-डाला सगळ्यांनी पाणी प्यायलं. काठावरच्या चिखलात पाऊल उमटलेलं होतं, आदल्या रात्रीचं असावं. वनरक्षकाने वाकून ते पाहिलं आणि बाबांकडे बघून हसला.

मोहाखाली पोचेपर्यंत दुपार झाली होती. फुलांचा हंगाम संपत आलेला, तरी खाली थोडी पडली होती आणि तो गोड आंबूस वास होता. वनरक्षकाने चप्पल काढली, कुणी सांगितलं नव्हतं. त्याने मुंडे मोजले. मग जरा पुढे होऊन त्या चकचकीत मुंड्याकडे बघितलं आणि हा नवीन आहे का म्हणून विचारलं. नवीन म्हणून लिहिलं गेलं असतं तर दाव्यासाठी मुद्दाम रोवला असा अर्थ निघाला असता. मी पुढे होऊन सगळं सांगितलं: शाळा, 2014, वॉर्निश, सिमेंट, परत आणणं. पंचांसमोर सांगितलं. तलाठ्यांनी माझाही जबाब वेगळ्या कागदावर घेतला आणि मी त्यावर सही केली.

पंचनामा तिथेच दगडावर बसून पूर्ण झाला. बाबांनी मला वाचून दाखवायला सांगितलं. मी वाचत गेलो: जुन्या वस्तीचे ओटे, जात्याची तळी, मोहाची झाडं चौदा, मुठवा देवाचे दगड, आणि मग 'लाकडी स्मृतिस्तंभ (मुंडे) नग अकरा, पैकी एकास वॉर्निश.'

"वॉर्निश पन लिहिलं?" बाबांनी विचारलं.

"लिहिलं, बाबा."

"बरं केलं. खरं हाय थे."

त्यांनी अंगठा शाईत बुडवला आणि कागदावर ठेवला. शाई वाळेपर्यंत हात तसाच धरून बसले, मग राहिलेली शाई मोहाच्या खोडाला पुसली.